सांगणे आणि ऐकणे : स्मिता पाटील यांच्या भूमिका आणि भारतीय कथासाहित्य

१९७४ साली हबीब तनवीर यांनी भिलाई येथे छत्तीसगडच्या ‘नाचा’ या लोकनाट्यप्रकारातील कलावंतांसमवेत एक शिबिर घेतले. विजयदान देथा यांनी राजस्थानी मौखिक परंपरेतून उचलून शब्दबद्ध केलेली एका सत्यवचनी चोराची कथा त्या शिबिरात कलावंतांच्या हाती देण्यात आली, आणि ‘चोर चोर’ या नावाचा एक छोटा प्रयोग भिलाईच्या उघड्या मैदानावर सतनामी पंथीयांच्या मोठ्या समुदायासमोर सादर झाला. या प्रयोगातूनच पुढे ‘चरणदास चोर’ हे नाटक सिद्ध झाले. १९८२ साली एडिंबरोच्या महोत्सवात पारितोषिक मिळवून ते जगभर पोहोचले, हा इतिहास रंगभूमीच्या अभ्यासकांना परिचित आहे. तितकीशी लक्षात न घेतली गेलेली गोष्ट अशी की, १९७५ मध्ये श्याम बेनेगल यांनी याच कथेवर मुलांसाठी एक चित्रपट केला. त्यात नाचाच्या कलावंतांबरोबर पुण्याहून आलेली एक एकोणीस-वीस वर्षांची मराठी मुलगी राजकन्येच्या भूमिकेत उभी राहिली. स्मिता पाटील यांची कथापटांतील कारकीर्द या छत्तीसगडी कथेपासून सुरू होते.

दुर्ग-भिलाईचा परिसर मराठी वाचकाला सर्वस्वी परका नाही. १८५४ पर्यंत हा प्रदेश नागपूरकर भोसल्यांच्या राज्यात होता. १९०६ साली रायपूर व बिलासपूर जिल्ह्यांचे भाग तोडून दुर्ग हा स्वतंत्र जिल्हा करण्यात आला, त्यावेळीही तो नागपूर राजधानी असलेल्या मध्यप्रांतातच होता. राजनांदगाव ओलांडून पश्चिमेस गेले की महाराष्ट्राची हद्द लागते. १९५९ मध्ये भिलाईच्या पोलाद कारखान्याची पहिली झोतभट्टी पेटली आणि देशाच्या प्रत्येक भाषेचे लोक येथे एका वसाहतीत राहू लागले. घरात एक भाषा, बाजारात दुसरी, कारखान्यात तिसरी, हा येथील मराठी कुटुंबांचा नित्याचा अनुभव आहे. अशा ठिकाणी राजस्थानी कथा छत्तीसगडी बोलीत शिरावी, हिंदी चित्रपटात जावी आणि तिच्यातील राजकन्या मराठी असावी, यात कोणाला नवल वाटले नसणार. पण साहित्याच्या अभ्यासकाने तरी थोडे थांबावे. पुढील अकरा-बारा वर्षांत स्मिता पाटील यांच्या वाट्याला जे काम आले त्याचा नमुना येथेच घालून दिलेला दिसतो : एका भाषेतील संहिता, दुसऱ्या भाषेतील चित्रपट, आणि या दोहोंच्या मध्ये एका अभिनेत्रीचा देह व चेहरा.

त्यांना अभिनयासाठी दोनदा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पहिला ‘भूमिका’ (१९७७) या चित्रपटासाठी, दुसरा ‘चक्र’साठी, १९८० या वर्षाचा. दोन्ही चित्रपट हिंदी आहेत आणि दोन्ही मराठी पुस्तकांतून जन्मलेले आहेत. एकाचे मूळ हंसा वाडकर यांचे ‘सांगत्ये ऐका’ हे आत्मकथन, दुसऱ्याचे जयवंत दळवी यांची कादंबरी. यांत ‘जैत रे जैत’, ‘कोंडुरा’, ‘उंबरठा’ आणि ‘अर्धसत्य’ ही नावे मिळवली की, गो. नी. दांडेकर, चिं. त्र्यं. खानोलकर, शांता निसळ आणि श्री. दा. पानवलकर असे चार लेखक या यादीत येतात. मराठीबाहेर प्रेमचंद, चुनीलाल मडिया, गुलाम अब्बास, सी. व्ही. श्रीरामन आहेत. एका अभिनेत्रीच्या नावापुढे भारतीय कथासाहित्याची एवढी विस्तृत सूची लागावी, असे दुसरे उदाहरण सहज आठवत नाही. तरीही साहित्यसमीक्षेने रूपांतराचा विचार करताना दिग्दर्शक आणि पटकथाकार यांच्यापुढे पाऊल टाकलेले क्वचितच आढळते. कादंबरीतील कोणते प्रसंग गाळले, शेवट का बदलला, या प्रश्नांची चर्चा विपुल होते. निवेदकाने व्यक्तिरेखेविषयी जे सांगितलेले असते ते सांगणारा निवेदकच चित्रपटात उरत नाही, मग ते कोणाच्या अंगावर पडते, हा प्रश्न मात्र अनुत्तरित राहतो. स्मिता पाटील यांच्या बाबतीत त्याचे उत्तर पुष्कळदा त्यांच्या ऐकण्यात सापडते. त्या पडद्यावर इतरांचे बोलणे ज्या रीतीने ऐकतात, त्या ऐकण्यात कादंबरीतील निवेदनाचा मोठा भाग उतरलेला असतो, हे येथे काही भूमिकांच्या आधारे पाहावयाचे आहे.

त्यांचा जीवनवृत्तान्त थोडक्यात असा. जन्म पुणे येथे १७ ऑक्टोबर १९५५ रोजी झाला. वडील शिवाजीराव पाटील खानदेशातील शिरपूरचे, समाजवादी चळवळीतून आलेले आणि पुढे महाराष्ट्राच्या मंत्रिमंडळात गेलेले. आई विद्याताई परिचारिकेचे काम केलेल्या व समाजकार्यात असलेल्या. राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकाचा संस्कार लहानपणीच घडला. गावोगावच्या साध्या प्रेक्षकासमोर उभे राहण्याची सवय बहुधा तेथेच लागली असावी. वडिलांच्या राजकीय कार्यामुळे कुटुंब मुंबईस आले. १९७२ मध्ये सुरू झालेल्या मुंबई दूरदर्शन केंद्रावर त्या मराठी बातम्या देऊ लागल्या. अरुण खोपकर यांच्या ‘तीव्र मध्यम’ (१९७४) या फिल्म इन्स्टिट्यूटमधील लघुपटात त्यांनी काम केले होते. बेनेगल यांचे लक्ष मात्र बातम्या देणाऱ्या चेहऱ्याकडे गेले. वृत्तनिवेदिकेचे काम अभिनयाच्या नेमके उलट. भावना आवरायच्या, चेहरा स्थिर ठेवायचा आणि वाक्य दुसऱ्याचे आहे हे विसरू द्यायचे नाही. पुढे ज्यांनी त्यांच्या अभिनयातील संयमाची प्रशंसा केली त्यांनी या शिक्षणाची आठवण ठेवावयास हरकत नव्हती.

‘निशान्त’ (१९७५) आणि ‘मंथन’ (१९७६) या दोन्ही चित्रपटांचे लेखन विजय तेंडुलकरांचे. ‘मंथन’मध्ये बिंदू ही गुजरातेतील एका खेड्यातील स्त्री आहे. शहरातून आलेला पशुवैद्य सहकारी दूध-संस्थेविषयी बोलतो आणि ती उंबऱ्याशी उभी राहून ऐकते. तिला संस्थेचे सर्व समजले आहे असे नाही, माणसाविषयी मात्र काहीतरी समजले आहे, आणि ते समजणे तिला स्वतःलाच सोयीचे वाटत नाही. शब्दांत मांडू गेल्यास कादंबरीकाराला यासाठी एखादे पान लागले असते.

‘सांगत्ये ऐका’ची गोष्ट वेगळी आहे, आणि या लेखाच्या दृष्टीने ती सर्वांत महत्त्वाची आहे. हंसा वाडकर (१९२३–१९७१) यांचे हे आत्मकथन १९७० साली पुस्तकरूपाने आले. त्याचे शब्दांकन अरुण साधू यांनी केले. शीर्षक वाडकरांच्याच १९५९ मधील गाजलेल्या तमाशापटाचे. मराठीत स्त्रियांनी लिहिलेल्या आत्मचरित्रांची परंपरा रमाबाई रानड्यांपासून मोठी आहे. पण ती बहुतेक लेखणीची परंपरा आहे. हे पुस्तक बोलीचे आहे. कथन करणारी स्त्री समोर कोणीतरी बसले आहे असे धरून बोलते. वाक्ये तुटतात, घटनांची संगती मागेपुढे होते, स्वतःचे समर्थन करण्याची तिला घाई नाही आणि पश्चात्तापाचा आवही नाही. मद्य, पुरुष, घर सोडून जाणे, परत येणे, पुन्हा जाणे, हे सर्व तिने सपाट सुरात सांगितले आहे. त्या सपाटपणातच पुस्तकाचे बळ आहे. ऐकणारा हादरतो, सांगणारी हादरत नाही.

‘भूमिका’ची पटकथा बेनेगल, गिरीश कार्नाड आणि सत्यदेव दुबे यांनी रचली आणि तिलाही राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. रचनेच्या दृष्टीने ती चोख आहे. वर्तमान आणि भूतकाळ यांची वीण तिने घातली, हिंदी-मराठी चित्रपटसृष्टीची तीस-चाळीस वर्षे त्या विणीत बसवली. पण या व्यवहारात पुस्तकाचे मुख्य भांडवल खर्ची पडले. ‘मी’ सांगणारी बाई उरली नाही. चित्रपटातील उषा सांगत नाही, ती दिसते. पुस्तकात जी कर्ता होती ती पटकथेत कॅमेऱ्याचे कर्म झाली. ही हानी भरून काढण्याचे काम अभिनेत्रीकडे आले, आणि ती अभिनेत्री त्यावेळी जेमतेम एकवीस-बावीस वर्षांची होती.

चित्रपटाच्या आरंभी चित्रीकरणासाठी चाललेले नृत्य आहे. ठसका, मुरका, डोळ्यांची फेक, सर्व काही धंद्याच्या मापाचे. नृत्य थांबताच चेहऱ्यावरून ते सर्व उतरते आणि घरी परतणारी एक थकलेली, चिडलेली बाई दिसू लागते. हा बदल दाखवण्यासाठी स्मिता पाटील काहीच ‘करीत’ नाहीत. त्या फक्त करणे थांबवतात. नवरा केशव दळवी याच्याशी होणाऱ्या भांडणांत तिचे संवाद आहेतच, पण अर्थ तो बोलत असतानाच्या तिच्या गप्प राहण्यात आहे. हे वाक्य आपण पूर्वी ऐकले आहे आणि पुन्हा ऐकावे लागणार आहे, हे त्या गप्प राहण्यातून कळते. पुस्तकातील सपाट सूर पडद्यावर आला तो या मार्गाने. विनायक काळे या धनिकाच्या वाड्यातील भाग तर ऐकण्याचाच आहे. उषेला प्रथम तेथे स्थैर्य सापडल्यासारखे वाटते. मग वाड्याबाहेर पाऊल टाकण्याची परवानगी नाही हे तिला कळते. ते कळण्याचा क्षण संवादात जेवढा आहे त्यापेक्षा तो संवाद कानावर पडल्यानंतरच्या दोन-तीन क्षणांत अधिक आहे. शेवटी हॉटेलची खोली, एकटेपण आणि वाजणारा दूरध्वनी. हंसा वाडकरांनी मराठी वाचकाला ‘ऐका’ म्हटले होते. पडद्यावरील उषेचे ऐकणारे कोणी नाही, ती स्वतःच शेवटपर्यंत ऐकत राहते. मूळ पुस्तकाशी हा चित्रपट प्रामाणिक आहे की नाही या वादात या उलटापालटीचा विचार व्हावयास हवा. पटकथेने सोडून दिलेला स्वर अभिनयाने परत मिळवला, असे येथे म्हणता येते.

दळवींच्या ‘चक्र’बाबत (१९६३) गुंता निराळा आहे. मुंबईच्या झोपडपट्टीचे हे चित्रण मराठीत आले तेव्हा त्याच्या उघडेवाघडेपणाने वाचक बिचकला. दळवी तेथील माणसांची कणव करीत नाहीत आणि त्यांच्याकडून उद्धाराची अपेक्षाही ठेवीत नाहीत. अम्मा, तिचा मुलगा बेनवा आणि बेनवाचा आदर्श असलेला लुका यांची जगण्याची धडपड फिरून त्याच जागी येते. रवींद्र धर्मराज यांचा हा एकमेव कथापट. १९८१ साली लोकार्नो येथे त्याला सर्वोच्च सन्मान मिळाला आणि त्याच सुमारास दिग्दर्शकाचे अकाली निधन झाले. स्मिता पाटील यांची अम्मा दोन पुरुषांच्या आधाराचा हिशेब मनात ठेवून वागते. कोणाचा आधार किती दिवस टिकेल याचे तिचे गणित चेहऱ्यावर चाललेले दिसते, आणि मुलाकडे वळताना ते गणित एकदम पुसले जाते. या भूमिकेला पुरस्कार मिळाला तो रास्तच. पण ज्या देहाला झोपडपट्टीत आडोसा नाही हे दाखवण्यासाठी अम्माच्या उघड्यावरील स्नानाचे दृश्य योजले होते, तेच वितरकांनी जाहिरातीच्या फलकांवर चढवले. स्मिता पाटील यांना याचे दुःख झाले आणि ते त्यांनी लपवले नाही. कादंबरीच्या पानावर तो देह शब्दांत होता, म्हणून लेखकाच्या ताब्यात होता. पडद्यावर तो एका खऱ्या स्त्रीचा होता आणि तिच्याच ताब्यात राहिला नाही. रूपांतराच्या चर्चेत या फरकाची दखल घेतली गेली पाहिजे. साहित्यकृतीचा धीटपणा पडद्यावर येताना त्याची किंमत लेखकाला नव्हे, अभिनेत्रीला मोजावी लागते.

खानोलकरांच्या ‘कोंडुरा’वर बेनेगल यांनी १९७८ मध्ये हिंदी व तेलुगू अशा दोन भाषांत चित्रपट केला. तेलुगूतील नाव ‘अनुग्रहम्’. कोकणातील समुद्र, गूढ आणि पापभय आंध्रच्या भूमीवर कितपत रुजले याविषयी मतभेद होऊ शकतो. खानोलकरांच्या गद्यातील धूसरता कोणत्याही कॅमेऱ्याला दाद देणारी नाही. स्मिता पाटील यांची पार्वती त्यात आहे, परंतु या चित्रपटाचा भार तिच्यावर नाही.

‘जैत रे जैत’ (१९७७) ही त्यांची मराठीतील पहिली महत्त्वाची भूमिका. कर्नाळ्याच्या परिसरातील ठाकरांची ही कथा दांडेकरांनी त्या बोलीच्या अंगाने लिहिली. जब्बार पटेल यांनी ती ना. धों. महानोर यांच्या गीतांवर आणि हृदयनाथ मंगेशकर यांच्या संगीतावर तोलून धरली. नाग्याला पुण्यवंत व्हायचे आहे, राणीमाशी पाहायची आहे, लिंगोबाच्या डोंगरावरील पोळे उतरवायचे आहे. कथा त्याच्या ध्यासाची आहे. चिंधीचा ध्यास मात्र नाग्याचा. नको असलेला नवरा ती सोडते, हव्या असलेल्या पुरुषाकडे जाते, आणि हे करताना तिला कोणाची संमती लागत नाही. गाण्यांनी भरलेल्या या चित्रपटात इतर सर्वजण लयीत आहेत. चिंधी मात्र मधूनच लय तोडते, वेगाने चालते, वळून बघते, हसते. एक शंका येथे उपस्थित करणे भाग आहे. मंत्र्याच्या घरातील, पुण्या-मुंबईत वाढलेल्या मुलीने ठाकर स्त्री, झोपडपट्टीतील स्त्री, चर्मकार स्त्री व्हावे आणि त्या त्या समाजातील स्त्रियांनी पडद्यावर केवळ गर्दीत असावे, हा त्या काळच्या समांतर चित्रपटाचा प्रघात होता. हा आक्षेप अभिनयाच्या श्रेष्ठतेने निकालात निघत नाही. ‘चरणदास चोर’चे उदाहरण बोलके आहे. चित्रपटातील राजकन्या स्मिता पाटील होत्या, तर रंगमंचावरील राणी पुढे नाचाच्या परंपरेतून आलेल्या फिदाबाई मरकाम यांनी गाजवली. सत्य न सोडणाऱ्या चोरावर जीव जडलेली आणि त्याच सत्यामुळे त्याला मृत्युदंड देणारी राणी फिदाबाईंच्या आवाजात ज्यांनी ऐकली त्यांना नागर अभिनयाच्या मर्यादा वेगळ्या सांगाव्या लागल्या नाहीत. फिदाबाईंचे सामर्थ्य सांगण्यात होते, गाण्यात होते, प्रेक्षकाला थेट भिडण्यात होते. स्मिता पाटील यांनी त्या मार्गाने जाण्याचा प्रयत्नच केला नाही, यात त्यांची जाण दिसते. पराये शब्द आपलेसे असल्याचा आव आणण्यापेक्षा शब्दांच्या मधल्या जागा धरून राहणे त्यांनी पत्करले.

याची सर्वांत कठोर कसोटी पुन्हा छत्तीसगडातच लागली. सत्यजित राय यांनी १९८१ साली दूरदर्शनसाठी केलेल्या ‘सद्गती’चे चित्रीकरण रायपूरच्या आसपासच्या ग्रामीण भागात झाले. प्रेमचंदांची ही कथा १९३१ सालची. दुखी चर्मकार मुलीच्या सगाईचा मुहूर्त विचारावयास पंडिताकडे जातो. उपाशीपोटी वेठ करता करता, लाकडाचा न फुटणारा ओंडका फोडता फोडता, तेथेच मरतो. मृतदेह कोण उचलणार, हा प्रश्न उरतो. ज्या भूमीत गुरू घासीदासांनी जातिभेद झुगारून सतनामाचा उपदेश केला आणि चर्मकार समाजातील फार मोठा वर्ग सतनामी झाला, त्याच भूमीत ही कथा चित्रित व्हावी यात एक अर्थपूर्णता आहे. दुखीला इशारा देणारा व त्याच्या मृत्यूनंतर वस्तीला सावध करणारा गोंड साकारला तो राजनांदगावचे गायक भैयालाल हेडाऊ यांनी. दुर्गजवळच्या बघेरा येथील दाऊ रामचंद्र देशमुख यांनी १९७१ मध्ये उभ्या केलेल्या ‘चंदैनी गोंदा’ या लोकमंचाशी त्यांचे नाव निगडित आहे.

प्रेमचंदांच्या कथेत झुरियाला आरंभी थोडे बोलणे आहे. पंडिताला बसावयास काय द्यावे, शिधा कशात न्यावा, याविषयी नवराबायकोत जे संभाषण होते त्यातून अस्पृश्यतेचा सगळा आचारधर्म घरगुती भाषेत उलगडतो. नंतर ती कथेतून नाहीशी होते आणि मृत्यूची वार्ता कळल्यावर मुलीसह, वस्तीतील आणखी काही बायकांसह, पंडिताच्या दारात आक्रोश करते. प्रेमचंद तेथे फार थांबत नाहीत. त्यांचा रोख पंडिताच्या घरातील संभाषणाकडे आहे आणि उपरोध धारदार राहावा म्हणून ते शोकाला जागा देत नाहीत. राय यांनी झुरियाला पावसात एकटीला आणले. ती नवऱ्याच्या प्रेताशी बोलते, मग बंद दाराशी जाऊन विचारते. दाराआडून उत्तर येत नाही. आतापर्यंत येथे स्मिता पाटील यांच्या ऐकण्याविषयी लिहिले, पण या प्रसंगात त्या बोलतात, रडतात, ओरडतात. ऐकणे दाराच्या पलीकडच्यांकडे जाते, आणि ते ऐकत नाहीत. जी अभिनेत्री सतत ऐकताना दिसली होती तिचा आक्रोश म्हणूनच सोसवत नाही. कथेत समूहाचा असलेला शोक येथे एकटीचा झाला, याने प्रेमचंदांच्या सामाजिक आशयाला बाध येतो असे म्हणणाऱ्यांचा युक्तिवाद पूर्णपणे टाकाऊ नाही. मात्र पन्नास वर्षे जी झुरिया कथेच्या अभ्यासात कोणाच्या लेखी नव्हती, तिला वगळून ‘सद्गती’ शिकवणे या प्रसंगानंतर कठीण झाले आहे.

मृणाल सेन यांच्या ‘अकालेर सन्धाने’त (१९८०) त्या स्मिता याच नावाने येतात : १९४३ च्या दुष्काळावर चित्रपट करावयास बंगालमधील खेड्यात आलेली अभिनेत्री. दारिद्र्य ‘करून दाखवण्या’चा जो आक्षेप वर नोंदवला तो या चित्रपटाचा विषयच आहे. अरविंदन यांच्या ‘चिदंबरम्’मध्ये (१९८५) शिवकामी ही तमिळ वधू केरळच्या डोंगरातील गुरांच्या फार्मवर येते. तिला आसपासच्या माणसांशी बोलावयास फारसे काही नाही, ती फुले, गवत, डोंगर पाहत राहते. श्रीरामन यांच्या कथेवर आधारलेल्या या चित्रपटात भाषा जवळजवळ मागे सरली आहे. ‘अर्धसत्य’मध्ये (१९८३) ज्योत्स्नाच्या समोर बसून फौजदार वेलणकर दिलीप चित्रे यांची कविता वाचतो. प्रसंग ओम पुरी यांचा आहे आणि त्यांनी तो अविस्मरणीय केला. पण कविता पोहोचल्याची पावती ऐकणारीच्या चेहऱ्यावर आहे.

या सर्वांत ‘उंबरठा’ (१९८२) वेगळा पडतो. येथे भाषा मराठी, वर्ग अभिनेत्रीच्या जवळचा, आणि कथेचे केंद्र निर्विवादपणे स्त्री. शांता निसळ यांच्या ‘बेघर’ या कादंबरीवरून तेंडुलकरांनी पटकथा लिहिली, दिग्दर्शन जब्बार पटेल यांचे. सुलभा महाजन सुखवस्तू घर, वकील नवरा आणि लहान मुलगी मागे ठेवून दूरच्या गावी महिलाश्रमाची अधीक्षक म्हणून जाते. मराठीत घर सोडणाऱ्या नायिकांची चर्चा विभावरी शिरूरकरांपासून होत आली आहे. पण सुलभा अन्याय झाला म्हणून घर सोडत नाही, काम करावयाचे म्हणून सोडते. प्रेक्षकाला तिच्याविषयी सहजासहजी कणव वाटू नये अशीच ही योजना आहे, आणि स्मिता पाटील यांनी ती मोडली नाही. त्यांची सुलभा पुष्कळदा कडक, क्वचित हेकट, व्यवस्थेपुढे हतबल झाल्यावरही आवाज न चढवणारी आहे. आश्रमातील बायका तिला येऊन आपापल्या कहाण्या सांगतात, विश्वस्त मंडळी तिला धोरण सांगतात, सासू कर्तव्य सांगते, नवरा शेवटी स्वतःच्या दुसऱ्या संबंधाची कबुली देतो. चित्रपटभर लोक सुलभेला काहीतरी सांगत आहेत. ती ऐकते आणि प्रत्येकाचे ऐकण्याची तिची तऱ्हा निराळी. बायकांचे ऐकताना ती पुढे झुकते, विश्वस्तांचे ऐकताना चष्म्यामागे स्थिर होते. नवऱ्याची कबुली ऐकताना तिच्या चेहऱ्यावर जे येते त्याला दुःख म्हणणे अपुरे आहे. नवरा खरे बोलला याबद्दलचा एक विचित्र आदरही त्यात मिसळलेला आहे. निघून जाण्याचा निर्णय तिने बोलून दाखवण्याआधीच पाहणाऱ्याला कळलेला असतो.

१९८२ च्या ‘नमक हलाल’ आणि ‘शक्ती’पासून व्यावसायिक हिंदी चित्रपटांची संख्या वाढली. त्यांविषयी येथे लिहिण्यासारखे फार नाही. ‘नमक हलाल’मधील पावसातील गाण्याने त्या स्वतः अस्वस्थ झाल्या होत्या, एवढी नोंद पुरे. १९८५ मध्ये पद्मश्री मिळाली. पुत्रजन्मानंतर पंधरवड्याच्या आत, १३ डिसेंबर १९८६ रोजी, मुंबईत त्यांचे निधन झाले. वय एकतीस वर्षे.

केतन मेहता यांचा ‘मिर्च मसाला’ त्यानंतर, १९८७ मध्ये प्रदर्शित झाला. त्याला आधार चुनीलाल मडिया यांच्या ‘अभु मकराणी’ या गुजराती कथेचा. शीर्षकातच कथेचा नायक आहे : मिरच्यांच्या कारखान्याचा इमानी राखणदार, जो आश्रयाला आलेल्या स्त्रीसाठी सत्तेपुढे दार उघडत नाही. चित्रपटातही तो आहे आणि ओम पुरी यांनी त्याला पुरेसे वजन दिले आहे. पण दाराच्या आत सोनबाई आहे. सुभेदाराची माणसे बाहेर धमक्या देतात, गावचे पंच तिला सुपूर्द करण्याचा ठराव करतात, कारखान्यातल्या बायका आपसांत भांडतात आणि तिलाच बोल लावतात. सोनबाई हे सर्व भिंतीआडून ऐकत असते, आणि कथेचा भार हळूहळू दाराबाहेरच्या पुरुषाकडून दाराआडच्या स्त्रीकडे सरकतो. राखणदार मारला जातो, दार फुटते, बायका तिखटाची पूड सुभेदाराच्या डोळ्यांत फेकतात. शेवटच्या चौकटीत सोनबाई हातात विळा घेऊन उभी आहे आणि चित्र तेथेच गोठते. मडियांच्या संग्रहात कथेचे नाव ‘अभु मकराणी’ असेच आहे.